उजाडले – कोण?

व्याकरणाच्या तासाला 'उजाडले' हे एका शब्दाचे वाक्य फळ्यावर आले की वर्ग थबकतो. कर्ता शोधायचा तर क्रियापदाला 'कोण?' असे विचारावे, ही आपली शिकवण. आणि येथे उत्तरच येत नाही. परंपरेने यावर तोड काढली ती अशी की, क्रियेचा भाव हाच कर्ता मानावा व अशा क्रियापदास 'भावकर्तृक' म्हणावे. त्यालाच 'अकर्तृक' असेही म्हणतात. म्हणजे एका नावाप्रमाणे कर्ता आहे, दुसऱ्याप्रमाणे नाही. आणि विद्यार्थी दोन्ही नावे निमूटपणे पाठ करतो.

कर्ता अध्याहृत आहे, असे म्हणून सुटका होत नाही. 'दिवस उजाडला' असे आपण म्हणतोच; पण 'दिवस' गाळला तर 'उजाडला' उरायला हवे, 'उजाडले' नव्हे. 'सांजावले'मध्ये 'सांज' लपली असती तर रूप स्त्रीलिंगी झाले असते. 'गडगडले'बाबत मात्र शंकेला जागा आहे. तेथे 'आभाळ' लपू शकते, कारण ते नपुंसकलिंगीच. पण 'उकडते', 'मळमळते' यांच्यामागे कोणाला उभे करणार? हे नपुंसकलिंगी एकवचन भावे प्रयोगातही दिसते, म्हणून घोटाळा वाढतो. 'रामाने रावणास मारले' येथे क्रियापद कोणाशीच जुळत नाही, परंतु राम हजर आहे.

मराठीचे पहिले छापील व्याकरण पोर्तुगीज भाषेत आहे, हे येथे आठवते. ते १७७८ मध्ये रोमला छापले गेले. कोकणीचे, थॉमस स्टीफन्सचे, त्याआधी १६४० मध्ये रायतूरला छापले होते, तेही पोर्तुगीजमध्येच. दादोबा पांडुरंगांचे 'महाराष्ट्र भाषेचे व्याकरण' १८३६चे, मोरो केशव दामल्यांचे 'शास्त्रीय मराठी व्याकरण' १९११चे. आपल्या भाषेचे वर्णन आधी ज्या भाषेत झाले, तिचे आजचे व्याकरण या प्रश्नाकडे कसे पाहते?

पोर्तुगीजमध्ये पाऊस पडतो हे सांगायला 'शॉव्ह' एवढे क्रियापद पुरते. मराठीत निदान 'पाऊस' तरी लागतो, संस्कृतात 'देव' किंवा 'पर्जन्य' वर्षतो, इंग्रजीत नाममात्र सर्वनाम बसवतात. तेथे काहीच नाही. 'असणे' या अर्थी येणारे 'आव्हेर' हे क्रियापदही असेच: पुढे कितीही वस्तू असोत, ते एकवचनीच राहते. बोलणारे पुष्कळदा त्याचे अनेकवचन करतात आणि शिक्षक ते खोडतात. कर्ता हवाच, ही ओढ सगळीकडची दिसते.

परंतु महत्त्वाचे पुढेच आहे. तेथील शालेय व्याकरण दोन खाती वेगळी ठेवते. एक, कर्ताच नसलेले वाक्य. दुसरे, कर्ता आहे पण अनिश्चित ठेवला आहे असे वाक्य, आपल्या 'असे म्हणतात'सारखे. ब्राझीलने १९५९ मध्ये व्याकरणाची परिभाषा एकसारखी केली, तीतही हा भेद आहे. आपल्याकडे पहिल्या खात्याला दोन नावे आहेत आणि दुसऱ्याला शाळेत धड एकही नाही.

या उणिवेची किंमत पाहायला पौडहून पश्चिमेला, मुळशीच्या जलाशयाकडे जावे लागते. टाटा कंपनीच्या धरणाविरुद्ध १६ एप्रिल १९२१ रोजी तेथे सत्याग्रह सुरू झाला. पांडुरंग महादेव बापटांना 'सेनापती' ही उपाधी याच लढ्याने दिली. शेतकऱ्यांच्या जमिनी सरकारने १८९४च्या भूसंपादन कायद्याखाली कंपनीसाठी घेतल्या. या वाक्यात कोणी, कोणासाठी, कशाच्या आधारे, हे सारे आहे. आता तेच सरकारी वळणाने लिहावे: 'जमिनी संपादित करण्यात आल्या.' सरकार गेले, कंपनीही गेली. व्याकरण शुद्ध आहे. 'सरकारकडून' हा शब्द केव्हाही परत घालता येतो, म्हणजे कर्ता नाहीसा नव्हे, केवळ अनुच्चारित आहे. 'उजाडले'मध्ये असे काही घालून पाहावे, जमत नाही.

यापुढचे वाक्य अधिक निसरडे: 'गावे पाण्याखाली गेली.' तालुक्याचा इतिहास सांगताना आपण सगळेच ते वापरतो. येथे 'कोण?' विचारल्यावर 'गावे' असे उत्तर लगेच मिळते आणि ते उत्तरपत्रिकेत बरोबर धरले जाते.