आणेवारीची रेघ

मंडईत नारळ नगावर विकला जातो, ज्वारी वजनावर. साडेतीन नारळ कोणी मागत नाही. साडेतीन किलो ज्वारी मात्र खुशाल मागता येते, आणि काटा बारीक असेल तर त्यावर सात ग्रॅम अधिकही. जी राशी योगायोगाने कमीअधिक होते तिला संख्याशास्त्रात ‘यदृच्छ चल’ म्हणतात, आणि तिच्याविषयी पहिला प्रश्न मंडईतलाच असतो: नग की वजन? ज्याच्या किमती सुट्या सुट्या मांडता येतात तो खंडित चल. ज्याची किंमत एखाद्या पट्ट्यात कोठेही पडू शकते तो संतत चल. घरातील अपत्यांची संख्या खंडित, शेतातील पीक संतत.

इतके सोपे असते तर त्यावर व्याख्यान कशाला हवे? घोटाळा होतो तो वजनाची वस्तू नगावर मोजू लागल्यावर. आपल्या मुलखात हे शंभराहून अधिक वर्षे घडत आले आहे. त्याचे नाव आणेवारी.

भरघोस पीक म्हणजे रुपया, सोळा आणे. त्या मानाने यंदाचे पीक किती आणे, हे महसुली अधिकारी उभ्या पिकाकडे पाहून ठरवीत. पीक संतत, पण आणे मोजके. पाचाच्या खाली चार, चाराच्या खाली तीन. मुंबई इलाख्याच्या नियमांप्रमाणे पीक चार आणे किंवा त्याहून कमी असेल तर त्या वर्षीचा सारा पूर्ण तहकूब व्हावा. म्हणजे नजरेच्या अंदाजातील एका आण्याच्या फरकावर कुणब्याची बैलजोडी राहते की जाते, हे ठरावयाचे.

१८९६ च्या दुष्काळात पुण्याच्या सार्वजनिक सभेने टिळकांच्या पुढाकाराने हे ओळखले. सवलत ही सरकारची मेहरबानी नसून नियमाने मिळणारा हक्क आहे, हे सभेच्या माणसांनी गावोगाव जाऊन सांगितले. सरकारला ते रुचले नाही. १८९७ साली सभेची मान्यता काढून घेण्यात आली. पुढे १९१८ साली खेड्याच्या सत्याग्रहात वादाचे मूळ पुन्हा तेच. सरकारी आकडा चार आण्यांच्या वर, शेतकऱ्यांचे म्हणणे चाराच्या खाली. गांधीजी आणि वल्लभभाई ज्या प्रश्नावर उभे राहिले तो अर्थातच केवळ गणिताचा नव्हता. तरीही गणित त्यात होते.

‘चार आणे किंवा कमी’ यातील ‘किंवा’ पाहा. पीक काट्यावर तोलले असते तर ते नेमके चार आणे, एक दाणा इकडे ना तिकडे, भरण्याची शक्यता शून्यच समजावी. संतत चलात एकाच बिंदूला वजन नसते, वजन असते ते पट्ट्याला. तिथे ‘चारापर्यंत’ म्हटले काय किंवा ‘चाराच्या आत’ म्हटले काय, फरक पडत नाही. पण आणेवारीत ‘चार’ या एका आकड्यावर कितीतरी गावे एकदम येऊन बसतात, आणि त्या सगळ्यांचे भवितव्य एका शब्दावर टांगते. संतत राशीला खंडित पोशाख घातल्याचा हा परिणाम आहे.

यातून वाट काढली ती सातारा जिल्ह्यातील बुध गावच्या आणि फर्ग्युसनमध्ये शिकलेल्या पां. वा. सुखात्मे यांनी. १९४० नंतरच्या दशकात त्यांनी आणि वि. गो. पानसे यांनी पीककापणीची पद्धत रुजवली. गाव, शेत आणि शेतातील तुकडा यांची निवड यदृच्छेने करावयाची, माणसाच्या मर्जीने नव्हे. आणि मग त्या तुकड्यातील पीक कापून, मळून तोलावयाचे. नजरेऐवजी काटा आला.

मात्र नगाने येथेही पाठ सोडली नाही. तुकड्याच्या कडेवर उभे असलेले रोप आत धरावे की बाहेर? अर्धे रोप धरता येत नाही. कापणाऱ्याचा हात ते आत घेण्याकडे वळतो, आणि तुकडा जितका लहान तितका कडेचा हिस्सा मोठा. म्हणून फार लहान तुकडे उत्पन्न फुगवून दाखवतात. महालनोबीस लहान तुकड्यांचे पुरस्कर्ते होते, सुखात्म्यांनी मोठ्यांचा आग्रह धरला. या मुद्द्यापुरते आम्ही सुखात्म्यांच्या बाजूचे आहोत.

खंडित चलांनाही पुण्यात थोर अभ्यासक लाभला. गोखले अर्थशास्त्र संस्थेतील वि. म. दांडेकर यांनी १९५५ साली पॉयसाँच्या जुन्या नियमाला मुरड घातली. एक घटना घडली की काही काळ दुसरी घडू शकत नाही, हे त्यांनी हिशेबात घेतले. बाळंतपणांच्या संख्येला हे नेमके लागू पडते. नग मोजण्यातही डोके लागते ते असे.

१९५७ साली नवे पैसे आले आणि पुढे आणेवारीची पैसेवारी झाली. सोळा पायऱ्यांच्या शंभर झाल्या, तेव्हा काहींना वाटले असेल की आता माप अखंड झाले. तसे होत नाही. पायऱ्या बारीक केल्या तरी जिना तो जिनाच, आणि पन्नास पैशांची रेघ त्यावर आहेच. अंतिम पैसेवारी जाहीर झाली की वृत्तपत्रांत गावांच्या दोनच याद्या येतात, पन्नासच्या आतली आणि पन्नासच्या वरची. शेजारच्या दोन शिवारांत पाऊस मात्र एकच पडलेला असतो.