थर्मोस्टॅट, मोटारगाडीचा

इंजिनातून रेडिएटरकडे जाणारी पाण्याची वाट तापमानानुसार आपोआप उघडणारी आणि मिटणारी झडप. गॅरेजच्या बोलीत ‘थर्मोस्टॅट वॉल’ किंवा नुसते ‘वॉल’. मुठीत मावणारा हा भाग गाडीच्या स्वस्त भागांपैकी आहे. मात्र तो मिटलेल्या स्थितीत अडकला, तर गॅसकेट उडण्यापासून हेड वाकण्यापर्यंतचा महागडा खर्च अंगावर येतो. जळगाव-धुळे भागात बिघडलेला थर्मोस्टॅट बदलण्याऐवजी काढून टाकण्याची रीत रूढ आहे. ‘ही थंड देशांतली वस्तू, आपल्या उन्हात तिचे काय काम?’ असा त्यामागचा विचार. प्रस्तुत नोंदीत जुन्या गाड्यांमधील थर्मोस्टॅटचे कार्य, बिघाड, तपासणी व बदल यांची माहिती देऊन या रीतीचा परामर्श घेतला आहे.

रचना व कार्य

थर्मोस्टॅटच्या मधोमध धातूची एक छोटी डबी असते. तिच्यात विशिष्ट तापमानाला वितळणारे मेण भरलेले असते. उष्णता लवकर पोचावी म्हणून मेणात तांब्याची पूड मिसळतात. वितळताना मेण फुगते आणि डबीत बसवलेल्या दांड्याला बाहेर रेटते. दांड्याचे टोक चौकटीला टेकलेले असल्याने दांडा हलत नाही, डबीच मागे सरकते आणि तिच्याबरोबर झडपेची चकतीही बैठकीवरून उठते. पाणी निवले की मेण आकसते व स्प्रिंग चकतीला पुन्हा जागेवर बसवते. यात वीज नाही, तार नाही; सगळे काम मेणाचे.

झडप किती अंशांना उघडावी हे मेणाच्या मिश्रणावर ठरते. तो आकडा बहुधा थर्मोस्टॅटवरच ठोकलेला असतो. ८२ आणि ८८ हे नेहमी आढळणारे आकडे. ८२ अंश सेल्सिअसचा थर्मोस्टॅट त्या तापमानाला उघडू लागतो आणि साधारण ९५ अंशांना पूर्ण उघडतो. तेव्हा चकती सुमारे ८ मिलिमीटर उचललेली असते.

झडप मिटलेली असताना पाणी बायपास मार्गाने इंजिनातल्या इंजिनातच फिरते, त्यामुळे इंजिन लवकर तापते. हे तापणे गरजेचे असते. थंड इंजिनात पेट्रोलची नीट वाफ होत नाही, ऑइल घट्ट राहते आणि ज्वलनातून निघणारी पाण्याची वाफ सिलिंडरच्या भिंतींवर व ऑइलमध्ये साचते. अशा ऑइलचा पुढे चिखलासारखा गाळ होतो आणि रिंगा व सिलिंडर झिजू लागतात.

मेणाच्या डबीची ही रचना अमेरिकेत सर्जियस व्हर्नेट यांनी १९३० च्या दशकात विकसित केली. त्यापूर्वी अल्कोहोल किंवा ईथर भरलेल्या, पितळी पत्र्याच्या भात्याचा थर्मोस्टॅट असे. हा भाता फुटला की झडप सहसा उघडी राही आणि गाडी निदान घरी पोचे. पुढे शीतन यंत्रणा दाबाखाली चालू लागल्या. त्या दाबाचा भात्यावर परिणाम होई, मेणावर होत नसे. म्हणून मेणाचा प्रकार सर्वत्र रुळला. त्याचा दोष असा, की डबीतले मेण गळाले तर झडप मिटलेलीच राहते.

खानदेशातील परिस्थिती

जळगाव व भुसावळ परिसरात मे महिन्यात पारा ४५ अंशांपर्यंत आणि कधी त्याहीपुढे जातो. धुळ्यात डिसेंबर-जानेवारीतल्या पहाटे तो १० अंशांच्या खाली उतरतो. दोन्ही टोकांना इंजिनाचे तापमान मात्र ८०-९५ अंशांच्या पट्ट्यातच राहायला हवे. रेडिएटर किती उष्णता बाहेर टाकणार, हे पाणी आणि हवा यांच्या तापमानांतील फरकावर अवलंबून असते. पाणी ९० अंशांवर आणि हवा २५ अंशांवर असताना हा फरक ६५ अंशांचा असतो. हवा ४५ अंशांवर गेली की तो ४५ उरतो. म्हणजे उन्हाळ्यात त्याच रेडिएटरची ताकद सुमारे ३० टक्क्यांनी घटते. कोपऱ्यात बुजलेला किंवा आतून क्षार धरलेला रेडिएटर हिवाळाभर निभावतो आणि एप्रिलात उघडा पडतो, तो यामुळेच.

त्यात घाटांची भर. धुळे हे मुंबई-आग्रा आणि सुरत-कोलकाता महामार्गांच्या छेदावरचे शहर. दक्षिणेला लळिंगचा घाट, सुरतेच्या वाटेवर कोंडाईबारी, चाळीसगावकडून वर चढणारा कन्नड घाट आणि जळगावकडून संभाजीनगरला जाताना फर्दापूरनंतरचा अजिंठ्याचा घाट, या चढांवर दुसऱ्या गिअरमध्ये इंजिन पूर्ण ताकदीने चालते, पण गाडीचा वेग कमी असल्याने जाळीतून वारा जात नाही. गाडी ‘उकळते’ ती बहुधा इथेच.

तिसरी बाब पाण्याची. विहिरी-बोअरचे जड पाणी रेडिएटरमध्ये वर्षानुवर्षे पडत राहिले, की त्यातल्या क्षारांचा थर जाळीच्या नळ्यांत आणि थर्मोस्टॅटच्या डबीवरही बसतो. अशा थराआडच्या मेणाला पाणी तापल्याची खबर उशिरा लागते, झडप उशिरा उघडते. गंज आणि क्षार मिळून शेवटी चकती बैठकीवरच धरून ठेवतात. कूलंट न वापरण्यामागेही थर्मोस्टॅटसारखाच समज आहे : पाणी गोठू नये म्हणून ते घालतात, आपल्याकडे बर्फ कुठे पडतो? वास्तविक कूलंटमधील गंजरोधक द्रव्ये आणि त्याचा वाढीव उत्कलनबिंदू हे गुण खानदेशात अधिक उपयोगाचे आहेत.

या भागात अजून दिसणाऱ्या जुन्या गाड्यांत मारुती ८०० (१९८३ ते २०१४) आघाडीवर आहे. हौशी मंडळींनी जपलेल्या अँबेसेडर (१९५७ ते २०१४) आणि कुर्ल्याच्या प्रीमियर कारखान्यातून २००१ पर्यंत निघालेल्या पद्मिनी, तसेच खेड्यापाड्यांत काळीपिवळी म्हणून धावलेल्या ट्रॅक्स व कमांडर जीप हे इतर ठळक प्रकार. खासगी गाडीची नोंदणी १५ वर्षांनी नव्याने करावी लागते. त्यामुळे एमएच १८ (धुळे) व एमएच १९ (जळगाव) पाट्यांच्या अशा गाड्या रस्त्यावर ठेवायच्या, तर इंजिन सुस्थितीत असणे ही मालकाची रोजचीच काळजी ठरते.

बिघाडाची लक्षणे

(१) मिटलेल्या स्थितीत अडकणे : गाडी सुरू केल्यावर दहा-पंधरा मिनिटांतच काटा लाल खुणेकडे जातो. इंजिन चटका देणारे, तर वरचा हॉस पाइप, रेडिएटर व खालचा हॉस त्या मानाने गार, ही याची ठळक खूण.

(२) उघड्या स्थितीत अडकणे : काटा वर येतच नाही, चोक जास्त वेळ ओढावा लागतो, अॅव्हरेज घटते. खानदेशात हीटर क्वचितच लावला जात असल्याने हा बिघाड वर्षानुवर्षे ध्यानात येत नाही. धुळ्याच्या थंडीत पहाटे निघालेली गाडी दहा-बारा किलोमीटरनंतरही अडखळत असेल, तर तो याचाच संशय.

(३) उशिरा किंवा अर्धवट उघडणे : शहरात गाडी ठीक चालते, घाटात तापते.

गाडी तापली म्हणजे थर्मोस्टॅटच गेला असे नव्हे. फॅन बेल्ट सैल असणे, विजेच्या पंख्याचा थर्मोस्विच बंद पडणे, वॉटर पंप झिजणे आणि रेडिएटरच्या झाकणाचे रबर कडक होणे हीही नेहमीची कारणे. निरोगी झाकण यंत्रणेत सुमारे ०.९ बार जादा दाब राखते व त्या दाबाखाली साधे पाणीही ११८-११९ अंशांपर्यंत उकळत नाही. कपाशीच्या हंगामात रस्त्यावर उडणारा कापूस व धूळ जाळीत बसून वारा अडवतात. हा दोष टॉर्चच्या उजेडात डोळ्यांनीच दिसतो. रेडिएटरमध्ये सतत बुडबुडे येत असतील किंवा ऑइल दुधाळ चहासारखे दिसत असेल, तर हेड गॅसकेट उडाल्याचे समजावे. अशा वेळी नुसता थर्मोस्टॅट बदलून भागत नाही.

पातेल्यातील तपासणी

थर्मोस्टॅटची खात्री घरच्या स्वयंपाकघरातही करता येते. चुलीवर पातेल्यात पाणी ठेवून थर्मोस्टॅट दोरीने अधांतरी सोडावा. तो तळाला किंवा काठाला टेकू नये, कारण तिथली धातू पाण्याहून अधिक तापलेली असते. शेजारी थर्मामीटर धरावा. दोरीचे टोक चकती आणि बैठक यांच्या फटीत चिमटीत बसवले, तर उघडण्याचा नेमका क्षण सापडतो : झडप उघडू लागताच दोरी सुटते आणि थर्मोस्टॅट तळाशी पडतो. त्या वेळचा आकडा ठोकलेल्या आकड्याच्या दोन-तीन अंश अलीकडे-पलीकडे असावा. जळगाव व धुळे समुद्रसपाटीपासून दोन-अडीचशे मीटर उंचीवर असल्याने पाणी तिथे ९९ अंशांच्या आसपास उकळते. तोवर झडप पुरेशी उघडली नाही, तर ती निकामी समजावी. नवा थर्मोस्टॅट बसवण्याआधीही हीच परीक्षा घेणे शहाणपणाचे, कारण बाजारात नकली मालही मिळतो.

बदलण्याची कृती

इंजिन पूर्ण निवल्याखेरीज रेडिएटरचे झाकण उघडू नये. आतल्या दाबामुळे उकळते पाणी तोंडावर उसळून गंभीर भाजण्याचा धोका असतो. ओले फडके टाकून झाकण फिरवण्याची घाईही टाळावी. इंजिन निवल्यावर खालचा प्लग सोडून पाणी थर्मोस्टॅटच्या पातळीखाली येईपर्यंत काढावे. कूलंट चवीला गोड पण विषारी असते, म्हणून ते उघड्या गटारात किंवा गुरे-कुत्री येतात अशा जागी सांडू नये.

अनेक जुन्या गाड्यांत रेडिएटरचा वरचा हॉस इंजिनला जिथे मिळतो, त्या कोपराखाली थर्मोस्टॅट असतो. मारुतीसारख्या गाड्यांत कोपराचे बोल्ट सहज निघतात. जुन्या अँबेसेडरच्या बी-मालिकेच्या इंजिनात मात्र कोपर तीन खिळ्यांवर (स्टडवर) नटांनी आवळलेले असते आणि वर्षानुवर्षांच्या गंजाने ते खिळ्यांना चिकटून बसते. तिथे आदल्या रात्रीच गंज सोडवणारे तेल मारून ठेवावे आणि कोपर लाकडी ठोकळ्याने हलके ठोकत उचलावे. पान्यावर जोर काढला तर खिळा हेडमध्येच तुटतो आणि अर्ध्या तासाचे काम दोन दिवसांचे होते.

जुना थर्मोस्टॅट कोणत्या बाजूने बसला होता, हे काढतानाच पाहून ठेवावे. मेणाची डबी व स्प्रिंग इंजिनाच्या बाजूला येते. ती उलटी बसली तर गरम पाणी डबीपर्यंत नीट पोचत नाही आणि नवा थर्मोस्टॅटही पहिल्याच फेरीत गाडी तापवतो. कडेला हलणारी छोटी पिन असल्यास ती वरच्या अंगाला ठेवावी. अडकलेली हवा तिच्यातून निसटते. दोन्ही पृष्ठभागांवरचे जुने गॅसकेट खरवडून काढावे, अॅल्युमिनियमवर ओरखडे पडू देऊ नयेत, खरवडलेला चुरा आत पडू नये म्हणून भोकात फडके कोंबावे व ते आठवणीने काढावे. नवे गॅसकेट लावून बोल्ट आळीपाळीने, थोडे थोडे आवळावेत. एकच बाजू आधी घट्ट केल्यास कोपराला तडा जातो.

शेवटी कूलंट व डिस्टिल्ड वॉटर डब्यावर दिलेल्या प्रमाणात, सहसा निम्मे-निम्मे, सावकाश भरावे. झाकण उघडे ठेवून इंजिन सुरू करावे. हीटर असल्यास पूर्ण उघडावा. बुडबुडे येत राहतील तसतसे पाणी घालावे. बराच वेळ गार असलेला वरचा हॉस एकाएकी गरम लागला, की थर्मोस्टॅट उघडला. मग झाकण लावून एक फेरी मारावी आणि गाडी निवल्यावर पातळी पुन्हा पाहावी. आत राहिलेली हवा हे नव्या थर्मोस्टॅटबद्दलच्या पुष्कळ तक्रारींचे मूळ असते.

काढून टाकण्याची रीत

‘वॉल काढून टाका आणि पंखा डायरेक्ट करा’ हा उन्हाळ्यातला नेहमीचा सल्ला. रस्त्यात अडकलेली गाडी घरी पोचवण्यापुरता तो ठीक आहे. कायमचा उपाय म्हणून चुकीचा. पूर्ण उघडलेला थर्मोस्टॅट पाणी फारसे अडवत नाही. त्यानंतर तापमान ठरवतात ते रेडिएटर, पंप व पंखा. त्यांच्यात दोष असेल, तर थर्मोस्टॅट काढल्याने तो जात नाही, काही दिवस झाकला जातो. दुसरीकडे, ८०-९५ अंशांवर चालण्यासाठी बनलेल्या इंजिनाच्या लेखी जळगावची मे महिन्यातली दुपारही गारच असते. थर्मोस्टॅट नसलेले आणि पंखा सतत फिरणारे इंजिन सपाट रस्त्यावर पुरेसे तापतच नाही. इंधन नियंत्रण संगणकाकडे असलेल्या एमपीएफआय गाड्यांत तर संगणक इंजिन थंडच समजून जादा पेट्रोल सोडत राहतो.

काही इंजिनांत परिणाम उलटाही होतो. त्यांच्या थर्मोस्टॅटला खालच्या बाजूने दुसरी चकती असते. मुख्य झडप उघडताना ती बायपास बंद करते. थर्मोस्टॅटच काढला तर बायपास कायमचा उघडा राहतो, गरम पाण्याचा काही भाग रेडिएटरकडे न जाता इंजिनात परततो आणि घाटात गाडी पूर्वीपेक्षा जास्त तापते. ‘पाणी जोरात फिरल्याने त्याला निवायला वेळ मिळत नाही’ हे याचे सांगितले जाणारे कारण बरोबर नाही. शर्यतीच्या गाड्यांतून थर्मोस्टॅट काढताना ब्रिटिश मोटर कॉर्पोरेशनच्या इंजिनांत बायपासचे भोक झाकणारी धातूची बाही बसवत, ती याच कारणाने.

जुनी गाडी विकत घेताना थर्मोस्टॅट जागेवर आहे की नाही, हे कोपर न उघडताही कळते. सकाळी गार इंजिन सुरू करून वरच्या हॉसवर हात ठेवावा. हॉस बराच वेळ गार राहून मग झपाट्याने तापला, तर थर्मोस्टॅट आहे आणि चालू आहे. पहिल्या मिनिटापासून इंजिनाबरोबर तोही हळूहळू कोमट होत गेला, तर झडप उघडी अडकली आहे किंवा कोणीतरी ती कधीच काढून टाकली आहे. मग ती का काढावी लागली, हा प्रश्न रेडिएटरला विचारावा.