कच्च्या भाजीमागचे पाणी

काकडी, टोमॅटो, कांदा आणि सिमला मिरची जरा मोठी चिरायची, वर लिंबू पिळायचे, चमचाभर कच्चे तेल आणि हाताने तोडलेली पुदिन्याची पाने घालायची. मीठ मात्र जेवायला वाढताना, कारण आधी घातले तर भाजी पाणी सोडते. भूमध्य समुद्राकाठचे म्हणून नावाजलेले हे सॅलड दहा मिनिटांत होते आणि छत्तीसगडातल्या भिलाई या पोलादनगरीच्या सेक्टरांतल्या मराठी घरांत ते कोणाला परके वाटणार नाही. असे का, याची दोन उत्तरे ठरलेली आहेत. एक, आपली कोशिंबीर होतीच, हे तिचेच नवे रूप. दुसरे, दूरचित्रवाणी, हॉटेले आणि आहारतज्ज्ञ यांनी आणलेली ही हवा. दोन्हींत तथ्य आहे, पण दोन्ही उत्तरे फक्त ताटात पाहतात. मला नळाकडे आणि धरणाकडे पाहावेसे वाटते. न शिजवलेली भाजी रोज, बाराही महिने आणि निर्धास्तपणे खाता येणे हा मुळात पाण्याचा इतिहास आहे, आणि तो भिलाईत जितका उघडपणे दिसतो तितका क्वचितच कुठे दिसत असेल.

आधी त्या समुद्राकाठच्या ताटाचे वय पाहू. टोमॅटो आणि मिरची अमेरिका खंडातल्या. इटलीत टोमॅटोचा पहिला लेखी उल्लेख मातिओलीच्या ग्रंथात 1544 मध्ये येतो, आणि ग्रीसमध्ये तो स्वयंपाकघरात रुळला एकोणिसाव्या शतकात. काकडी हिमालयाच्या पायथ्याची, म्हणजे आपली. लिंबूवर्गाचे मूळही भारताचा ईशान्य भाग आणि त्याला लागून असलेल्या मुलखाकडे जाते. प्राचीन म्हणून मिरवणारे हे मिश्रण आजच्या रूपात फार तर दोनशे वर्षांचे आहे, आणि त्याला जगभर आरोग्याची प्रतिष्ठा मिळाली ती अॅन्सेल कीज यांनी 1958 मध्ये सुरू केलेल्या सात देशांच्या अभ्यासानंतर. तिथल्या हवेमुळे अशा भाज्या आपोआप पिकतात, हाही समज खरा नाही. त्या प्रदेशात पाऊस हिवाळ्यात पडतो आणि उन्हाळा कोरडा जातो. टोमॅटो-काकडीचा हंगाम नेमका तोच. पाट काढल्याशिवाय तिथे ऐन उन्हाळ्यात रसरशीत भाजी मिळत नाही. स्पेनमधल्या व्हॅलेन्सियाभोवतीचे भाजीमळे शतकानुशतके कालव्यांवर जगले, आणि त्या पाण्याचे तंटे सोडवणारी शेतकऱ्यांची पंचायत आजही दर गुरुवारी तिथल्या कॅथेड्रलच्या दारात बसते. युनेस्कोने 2009 मध्ये तिला मानवी वारशाच्या यादीत घेतले. भूमध्य आहाराची नोंद झाली ती पुढच्या वर्षी, म्हणजे पाण्याच्या पंचायतीनंतर. हा क्रम योगायोगाचा असेल, पण मला तो यथायोग्य वाटतो.

आता आपल्याकडचे पाहू. भिलाईत नोकरीसाठी आलेल्या मराठी माणसांपैकी अनेक जण विदर्भातले, नागपूर-भंडारा-गोंदियाकडचे. रेल्वेचा एकच मार्ग आणि 1956 पर्यंत नागपूर हीच भिलाईच्या दुर्ग जिल्ह्याचीही राजधानी. या मुलखात कोशिंबिरीखेरीज घोळाना आहे: मेथीचा किंवा हरभऱ्याचा कोवळा पाला, कांद्याची पात, सांबार (म्हणजे कोथिंबीर), तिखट-मीठ आणि वरून कच्चे तेल. ते तेल पूर्वी बहुधा जवसाचे असे. छत्तीसगडातही जवस जुनाच. धान कापणीला येण्याआधी त्याच ओलीवर उभ्या पिकात तो पेरतात, त्याला उतेरा म्हणतात. हिरवा पाला, कांदा, न तापवलेले तेल, मीठ: ऑलिव्हच्या मुलखाशी नाते सांगायला एवढे पुरे आहे. म्हणजे कोशिंबिरीचा पक्ष घेणाऱ्यांचे म्हणणे बरोबर ठरते का? अर्धेच. घोळाना हा थंडीतला, शेतावरून आणलेल्या पाल्याचा पदार्थ. कोशिंबीर डाव्या बाजूची, चमचाभर वाढायची, दाण्याच्या कुटाने नाहीतर दह्याने बांधलेली, पुष्कळदा वरून फोडणी दिलेली. काकडी चोचवून पिळून घ्यायची रीतही तिला आटोपशीर ठेवणारीच. आणि गावात रोज कच्चे काय खाल्ले जाई, ते पाहिले की कांदा, मुळा, काकडी असे सोलून किंवा वरचे काढून खायचे जिन्नस पुढे येतात. बोरे बासीबरोबर, म्हणजे पाण्यात भिजवलेल्या शिळ्या भाताबरोबर, छत्तीसगडी माणूस कच्चा कांदा आणि हिरवी मिरची घेतो, तेही याच परंपरेतले.

मला हे निव्वळ चवीचे वाटत नाही. एकोणिसाव्या शतकात पटकी जत्रांतून, दुष्काळी छावण्यांतून आणि विहिरींतून पसरत होती. रॉबर्ट कॉखने कलकत्त्यात 1884 मध्ये तिचा जंतू दाखवून दिला. पुढच्या दशकात आग्र्याच्या हँकिनने विहिरींत पोटॅशियम परमँगनेट टाकण्याचा पुरस्कार केला, आणि गोऱ्या साहेबांच्या घरी पालेभाजी त्याच गुलाबी पाण्यात धुऊन मगच टेबलावर येऊ लागली. ज्यांच्याकडे ती पूड नव्हती त्यांच्याकडे चूल होती. भाजी शिजवणे हाच त्यांचा सुरक्षेचा उपाय होता, आणि कच्च्याचा वाटा चमचाभर राहण्यामागे हेही एक कारण असणार, असा माझा तर्क आहे.

भिलाईत हे गणित बदलले. बालोदजवळचे तांदुला धरण 1921 पर्यंत बांधून झाले होते, आणि ते धानासाठी होते. 1897 आणि 1900 च्या दुष्काळांनी छत्तीसगड होरपळल्यानंतरच्या काळातले हे काम. 2 फेब्रुवारी 1955 रोजी भारत आणि सोव्हिएत संघ यांच्यात दहा लाख टनांच्या पोलाद कारखान्याचा करार झाला. भिलाईच्या बाजूने दल्ली-राजहराचे लोहखनिज, नंदिनीचा चुनखडक, मुंबई-हावडा रेल्वे आणि तांदुलाचे पाणी या चार गोष्टी होत्या. झोतभट्टीला कोळशाइतकीच पाण्याचीही गरज असते, हे आपण विसरतो. म्हणून 1957 मध्ये गोंदली जलाशय झाला आणि त्याचे पाणी तांदुलात वळवले गेले. पुढे सत्तरच्या दशकाअखेर महानदीवरचे गंगरेल धरण झाले, त्याचेही पाणी भिलाईकडे आले. 4 फेब्रुवारी 1959 रोजी राष्ट्रपती राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते पहिली भट्टी सुरू झाली. भट्टीसाठी मरोदा तलावात साठवलेले पाणी शुद्ध होऊन वसाहतीच्या क्वार्टरांतही आले. स्वयंपाकघराच्या ओट्याशी नळ, आणि त्या पाण्याखाली काकडी-टोमॅटो धुऊन सरळ चिरायला घेता येणे: ही सोय भट्टीच्या निमित्ताने घरात शिरली. तीन पाळ्यांच्या नोकरीत कामावरून अवेळी परतलेल्या माणसासाठी काही न शिजवता पान सजवता येणे ही गरज होतीच. गरज जुनी होती. पाणी नवे होते.

यावर पहिला आक्षेप असा येईल की धरणाच्या पाण्यावर धान पिकते, टोमॅटो नव्हे. आक्षेप रास्त आहे. छत्तीसगडात भाजी पिकवली ती मरार समाजाने, बाडीत, विहिरीवरच्या टेड्याने, म्हणजे हाताने ओढायच्या लाकडी दांड्याने, पाणी उपसून. उन्हाळी काकडी-खरबूज नदीच्या रेतीत होई. दुर्ग जिल्ह्यातल्या धमधा भागाचा आजचा टोमॅटो पुष्कळसा बोअरवेल आणि ठिबकवर उभा आहे, आणि तो परराज्यांतही जातो. पण यातून माझे म्हणणे बळकटच होते. टेड्याने एका माणसाच्या खांद्याच्या जोरावर जेवढी बाडी भिजे तेवढीच भाजी बाजारात येई, आणि महिन्याच्या महिन्याला रोख पगार घेणारे एवढे मोठे शहर शेजारी उभे राहिल्यावर तेवढ्याने भागणार नव्हते. भिलाईतल्या सुपेल्याच्या बाजारात बारमाही टोमॅटो दिसतो तो कारखान्याच्या पगारामुळे आणि जमिनीखालच्या पाण्यामुळे.

दुसरा आक्षेप रशियनांचा. सोव्हिएत तज्ज्ञ आणि त्यांची कुटुंबे भिलाईत वर्षानुवर्षे राहिली. काकडी-टोमॅटोचे कच्चे सॅलड त्यांच्याही उन्हाळ्यातले. मग हे त्यांच्याकडून का आले नसेल? रशियन सॅलड म्हणून आपण ओळखतो ते उकडलेल्या बटाट्याचे आणि मेयोनेजचे, मॉस्कोतल्या ऑलिव्हिएच्या उपाहारगृहातले. त्याचा इथे संबंध नाही. घरगुती कच्च्या सॅलडचा थोडा संस्कार झाला असेल, तो नाकारण्याचे मला कारण दिसत नाही. पण मराठी वाटीत आंबट साय आणि शेपू आले नाहीत. आले ते लिंबू, कूट, सांबार. पाहुण्यांनी काही शिकवले असेल तर ते हे की कच्चे पोटभर खाता येते. हा विश्वास टिकायला मात्र नळच लागतो.

हवा आणि फॅशन यांचे उत्तरही इथेच मिळते. तीच दूरचित्रवाणी कॅम्पात आणि खुर्सीपारमध्येही पाहिली जाते. कामगारांच्या छावण्यांतून वाढलेल्या या वस्त्यांत वसाहतीसारखे नळ एकाच वेळी पोचले नाहीत. ज्या घरात पाणी भरून ठेवावे लागते, तिथे पालक-पुदिना तीनदा धुणे हा खर्च असतो, आणि पावसाळ्यात तर धोका. त्या घरातली आई टोमॅटो विस्तवावर भाजून चटणी करते. चव हे त्याचे कारण आहेच आणि ती चटणी उत्तम असते. पण कच्चे की भाजलेले हे निवडण्याची मोकळीक सर्वांना सारखी मिळालेली नाही. धानासाठी बांधलेल्या धरणाचे पाणी कारखान्याला आणि वसाहतीला मिळू लागल्यापासून पाऊस कमी झालेल्या वर्षी कालव्याच्या शेवटच्या टोकाच्या शेतकऱ्याला ते सोडावे लागते, हेही याच हिशेबात धरले पाहिजे. भिलाईच्या खाद्यइतिहासात पाककृतींच्या आधी मरोदा, गोंदली आणि तांदुला यांची नोंद व्हायला हवी, आणि पाणी कोणाला आधी मिळाले याचीही.