लेखणीपासून प्रक्षेपणापर्यंत
तुळजापूर तालुक्यातील जळकोट हे गाव सोलापूर-हैदराबाद हमरस्त्यावर असल्यामुळे, १३ सप्टेंबर १९४८ रोजी नळदुर्गजवळचा बोरी नदीवरील पूल हाती येताच भारतीय सैन्याची तुकडी सकाळी नऊच्या सुमारास येथे पोहोचली, आणि निजामाच्या ज्या मुलखात शाळा-कचेऱ्यांतून दीर्घकाळ उर्दूचाच अंमल होता, तेथील मराठी रयतेचे दिवस पालटू लागले. त्याच वर्षी, स्वातंत्र्यलढ्यावरील राम गबाले यांच्या 'वंदे मातरम्' या चित्रपटात पु. ल. देशपांडे व त्यांच्या पत्नी सुनीताबाई पडद्यावर आले. या दोन घटनांत कार्यकारणसंबंध नाही. परंतु पुलंची कारकीर्द मराठवाड्याच्या या टोकावरून न्याहाळावयाची, तर आरंभ याच वर्षापासून करणे मला उचित वाटते.

१९५३ सालच्या 'गुळाचा गणपती' या चित्रपटात कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका एवढा सारा भार त्यांनी एकट्याने वाहिला. गीतरचनेसाठी मात्र ग. दि. माडगूळकरांची लेखणी होती, आणि त्यातील इंद्रायणीकाठचे गीत भीमसेन जोशींच्या कंठातून उमटले. 'सबकुछ पु. ल.' हे बिरुद लावताना माडगूळकरांचा हा वाटा विसरला जातो, याचे मला वाईट वाटते. कारण कोणते काम आपण करावे आणि कोणते योग्य माणसाच्या हाती सोपवावे, हा विवेक हाच निर्मात्याचा खरा गुण होय.

हा विवेक पुलंना पुढे फार उपयोगी पडला. १९५५ मध्ये ते आकाशवाणीत रुजू झाले. युनेस्कोच्या शिष्यवृत्तीवर बीबीसीत त्यांनी प्रशिक्षण घेतले. आणि १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत प्रायोगिक दूरचित्रवाणी सुरू झाली, तेव्हा तिच्या आद्य निर्मात्यांत त्यांची गणना झाली. चित्रपटात फसलेले दृश्य पुन्हा घेता येते. दूरचित्रवाणीवर मात्र तेव्हा कार्यक्रम घडत असतानाच प्रक्षेपित होई, म्हणून नटाची हालचाल, कॅमेऱ्याची जागा आणि वाक्याची लांबी यांचा मेळ संहितेतच बसवावा लागे. ज्याने संवाद लिहिले, ते स्वतः बोलून पाहिले आणि पेटीवर बसून त्यांना लय दिली, अशा माणसाला हे काम परके नव्हते.

दूरचित्रवाणीचे मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. तथापि १९७५-७६ मध्ये अमेरिकन उपग्रहाद्वारे सहा राज्यांतील सुमारे २,४०० खेड्यांत दूरचित्रवाणी पोहोचविण्यात आली, तेव्हा महाराष्ट्र त्यांत नव्हता. जळकोटच्या शेजारच्या गुलबर्गा जिल्ह्यातील खेड्यांत कन्नड कार्यक्रम दिसू लागले, आणि सरहद्दीच्या अलीकडचा मराठी शेतकरी, ज्याच्या भाषेतील एवढा समर्थ निर्माता या माध्यमाच्या पायाभरणीस हजर होता, तो मात्र त्या लाभास मुकला. ही उणीव मला आजही बोचते.

पुलंनी सत्तरी ओलांडल्यावर, १९९२ मध्ये, जब्बार पटेलांच्या 'एक होता विदूषक'साठी पुन्हा पटकथा लिहिली. लक्ष्मीकांत बेर्डे यांनी साकारलेला तिचा नायक तमाशाच्या फडातून चित्रपटात आणि तेथून राजकारणात जाणारा सोंगाड्या आहे.