स्मिथ या इंग्रजी उपनांवाचें मूळ व प्रसार

पेशवाईच्या अखेरीचे इंग्रजी कागद चाळणारास स्मिथ हें नांव वारंवार भेटतें. ता. २० फेब्रुवारी १८१८ रोजीं आष्टीच्या ज्या लढाईंत बापू गोखले पडले, तींत इंग्रजांचा सेनापति लायोनेल स्मिथ होता. पुढें चौदा महिन्यांनीं, ता. २८ एप्रिल १८१९ रोजीं, अजिंठ्याच्या दहाव्या लेण्यांत स्वतःचें नांव कोरून ठेवणारा, तो मद्रासकडील घोडदळाचा जॉन स्मिथ. हे दोन भिन्न पुरुष. तेव्हां नुसत्या उपनांवावरून व्यक्ति ठरवूं जाणें कितपत सयुक्तिक, हें पाहण्यासाठीं त्या नांवाच्या मुळाशीं गेलें पाहिजे.

स्मिथ म्हणजे धातुकाम करणारा, विशेषेंकरून लोहार. प्राचीन इंग्रजींत हा शब्द सामान्य कारागिरासही लावीत. आपल्याकडील वैदिक 'कर्मार' शब्दाची येथें आठवण होते. 'ठोकणें' या अर्थाच्या इंग्रजी धातूपासून स्मिथ साधण्याची जुनी रीत भाषाशास्त्रास मान्य नाहीं. आमच्यांतील कोणी उत्साही व्युत्पत्तिकार त्याचा संबंध 'स्मित' शब्दाशीं जोडील, तर त्यासही आमचें तेंच सांगणें आहे!

इ. स. ९७५ च्या सुमारास डरहॅमकडील एका इसमाच्या नांवापुढें हा शब्द आढळतो. परंतु तेव्हां तो धंदाच दर्शवी. बापाचें उपनांव मुलास लागण्याची चाल १०६६ च्या नॉर्मन विजयानंतर हळूहळू रूढ झाली. आपल्या बलुत्यांतील लोहाराप्रमाणें तिकडेही नांगराचा फाळ व घोड्याचा नाल यांसाठीं खेडोपाडीं स्मिथ लागे. म्हणून हें उपनांव एका मूळपुरुषापासून पसरलें नसून शेंकडों गांवीं स्वतंत्रपणें उत्पन्न झालें, ही मुख्य गोष्ट होय. दोन स्मिथ म्हणजे एक कुळ, असें अनुमान आपल्या आडनांवांच्या संवयीनें काढूं नये.

इंग्लंड व वेल्स येथील नोंदणीखात्याच्या अजमासाप्रमाणें १८५३ सालीं स्मिथ २,५३,६०० होते, म्हणजे दर ७३ माणसांस एक. वेल्समध्यें बुजबुजलेले जोन्स २,४२,१००. अमेरिकेंत २०१० च्या शिरगणतींत स्मिथ २४,४२,९७७ भरले. मात्र तेथील सर्वच स्मिथ इंग्रज वंशाचे नव्हेत. जर्मन श्मिट यांपैकीं अनेकांनीं तिकडे गेल्यावर स्मिथ हें रूप घेतलें, व 'लोहाराचा पुत्र' या अर्थाच्या मॅकगोवन या गेलिक नांवाचेंही कित्येक ठिकाणीं तसेंच भाषांतर झालें.

अतएव संग्राहकांनीं कागदांतील स्मिथ कोण हें हुद्दा, पलटण व तारीख यांवरून ठरवावें. व्यक्तिनामाचाही फारसा आधार नाहीं, कारण जॉन हें इंग्रज पुरुषांत शतकानुशतकें अत्यंत प्रचलित असलेलें नांव. अजिंठ्याच्या त्या जॉन स्मिथानें प्राचीन लेण्यांत नांव कोरलें हें निंद्यच. परंतु त्याखालीं '२८ वें घोडदळ' हे शब्द व तारीख नसती, तर त्या काळच्या असंख्य जॉन स्मिथांतून त्यास निवडणें कोणासही साधलें नसतें.