तळटीप : ‘विहीर’

* ‘विहीर’ : उमेश विनायक कुलकर्णी दिग्दर्शित मराठी चित्रपट, लेखन गिरीश कुलकर्णी व सती भावे. २०१० च्या बर्लिन महोत्सवात दाखवला गेला. समीर आणि नचिकेत ही जिवलग भावंडे. पैकी नचिकेत विहिरीत बुडून जातो. कठोपनिषदात मृत्यूलाच प्रश्न विचारणाऱ्या मुलाचे नाव त्याला दिले आहे, हे ध्यानात ठेवावे. उत्तरार्धात कथानक जवळपास थांबते, उरतो तो समीरचा शोध. बालपण संपण्याचा क्षण इतक्या निर्भयपणे दाखवणारे चित्रपट आपल्याकडे फार थोडे. प्रस्तुत लेखाच्या लेखकाचे खंडाळा सातारा जिल्ह्यातले, खंबाटकी घाटाखालचे, लोणावळ्याजवळचे नव्हे. तिथल्या विहिरीची आठवण लेखात पुढे येते. त्याआधी वाचकांनी हा चित्रपट जरूर पाहावा. — संपा.