छावणीतलं थिएटर: एका अभ्यासक्षेत्राची ओळख

1917 च्या एप्रिलमध्ये अमेरिका पहिल्या महायुद्धात उतरली आणि बघता बघता लाखो तरुण घरदार सोडून छावण्यांत दाखल झाले. दिवस कवायतीत जाई. संध्याकाळचं काय करायचं, याची युद्धखात्याला खरी काळजी होती. आदल्याच वर्षी मेक्सिकोच्या सीमेवरच्या छावण्यांभोवती दारू आणि वेश्याव्यवसाय कसा फोफावला, हे युद्धखात्याने पाठवलेले रेमंड फॉस्डिक प्रत्यक्ष पाहून आले होते. त्यांच्याच अध्यक्षतेखाली आयोग नेमला गेला आणि छावण्यांमध्ये ‘लिबर्टी थिएटर’ उभी राहिली. नाटकं, गाणीबजावणी, मूकपट असं सगळं तिथे चाले. घरची मंडळी ‘स्माइलेज’ नावाचं कुपनांचं पुस्तक विकत घेऊन मुलाला पाठवत. तो त्यातली कुपनं फाडून खेळ बघे.

या विषयात नव्याने येणाऱ्याने सुरुवात इथून करावी. शिपाई हा कसा माणूस आहे आणि त्याच्या रिकाम्या वेळावर हक्क कोणाचा, याबद्दल सैन्याची जी समजूत असते, ती या थिएटरांइतकी स्वच्छ फार थोड्या ठिकाणी दिसते.

दुसऱ्या महायुद्धात पडदा आघाडीपर्यंत पोचला तो 16 मिलिमीटरच्या फिल्ममुळे. थिएटरांतली 35 मिलिमीटरची नायट्रेट फिल्म भडकन पेट घेई. 16 मिलिमीटरची सहसा पेटत नसे आणि तिचा प्रोजेक्टर हलवायलाही सोपा. परदेशातल्या सैनिकांसाठी हॉलिवूडने अशा प्रती फुकट दिल्या. पॅसिफिकच्या बेटांवर शिपाई नारळाच्या ओंडक्यांवर बसून सिनेमा बघत. दिग्दर्शक फ्रँक काप्राची ‘व्हाय वी फाइट’ ही युद्धप्रचाराची मालिका मात्र करमणुकीत मोडत नव्हती. ती बघणं हा प्रशिक्षणाचा भाग होता.

मला सर्वांत मोलाचा वाटतो तो आसनांचा प्रश्न. एकाच सैन्यातल्या कृष्णवर्णीय शिपायांना अनेक तळांवर वेगळं थिएटर असे, नाहीतर ठरवून दिलेल्या वेगळ्या रांगा. युद्धखात्याच्या 8 जुलै 1944 च्या आदेशाने तळावरची करमणुकीची ठिकाणं वंशाच्या कारणावरून कोणालाही बंद ठेवता येणार नाहीत, असं ठरलं. दक्षिणेतल्या राज्यांतून त्याला कडाडून विरोध झाला. सबंध सैन्यातल्या समान वागणुकीचा राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांचा आदेश त्यानंतर चार वर्षांनी, 26 जुलै 1948 ला निघाला. पलटणी एकत्र व्हायच्या आधी थिएटरांचे दरवाजे निदान कागदावर तरी उघडले होते, ही गोष्ट अभ्यासकाने नजरेआड करू नये.

हे सगळं अमेरिकेचं झालं. ब्रिटनने सैनिकांना सिनेमा दाखवण्यासाठी 1946 मध्ये ‘आर्मी किनेमा कॉर्पोरेशन’ स्थापन केलं. त्याची कथा वेगळ्या वळणाची आहे. काही रिवाज मात्र आपल्याही ओळखीचे आहेत: अमेरिकी तळांवर खेळाआधी राष्ट्रगीत वाजतं आणि सगळे उभे राहतात. महाराष्ट्रातल्या प्रेक्षकाला त्याचं नवल वाटू नये.

साधनांची वाण नाही. इमारतींचे नकाशे, खेळांची वेळापत्रकं, छावणीची वृत्तपत्रं, सैनिकांची घरी पाठवलेली पत्रं असं पुष्कळ काही हाताशी आहे. आदेश आणि पत्रं मात्र शेजारी शेजारी ठेवून वाचावीत. वेगळ्या रांगा नेमक्या कोणत्या तळावर मोडल्या आणि कुठे तशाच राहिल्या, हे त्यातूनच कळत जातं.